केशराची साक्ष

लव्हडे नॅनकॅरोच्या खिडकीतून करपलेल्या दुधाचा वास आला तेव्हा मला आनंदच झाला. त्या बाईचं काहीही करपलं, नासलं, उतू गेलं की मला बरं वाटतं. मागच्या वर्षी कोल्ह्यानं तिच्या कोंबड्या नेल्या, त्या दिवशी मी भर दुपारी केकवर जाड साय घालून खाल्ली होती.

मी अंड्यांची टोपली घेऊन तिच्या दारावरून चालले होते. आमची घरं समोरासमोर आहेत, मधे फक्त बंदराकडे उतरणारी दगडी वाट. वास वाढत गेला, मग धूर दिसला. मी खिडकीतून वाकून पाहिलं. लव्हडे शेगडीकडे पाठ करून, हाताच्या अंतरावर बसून, वाटाणे सोलत होती. वर गुणगुणतही होती.

मग मात्र राहवेना. वैर वैराच्या जागी, पण तिचं घर पेटलं तर पहिली ठिणगी माझ्याच छपरावर पडणार. मी दार ढकलून आत शिरले आणि पातेलं उचलून सिंकमध्ये आपटलं.

"काय गं, नाक बाजारात विकून आलीस की काय?"

मला वाटलं, आता ही मला चार शब्द सुनावणार. वीस-पंचवीस वर्षांत मी त्या घरात पाऊल टाकलं नव्हतं. पण लव्हडे नुसती पातेल्याकडे बघत राहिली, मग माझ्याकडे, आणि तिचा चेहरा उतरला. करपलेल्या दुधापायी कुणी एवढं पांढरंफटक पडत नाही. तिनं उठून माझ्या मागचं दार लावून घेतलं.

"कुणाला बोलू नकोस, थर्झा."

"काय बोलू नको? दूध करपलं ते?"

मांजरासाठी ठेवलेली माशांची डोकी एका ताटलीत झाकलेली होती, कालची असावीत. मी ताटली उचलली आणि सरळ तिच्या नाकाखाली धरली. माझे डोळे पाणावले. तिची पापणीही हलली नाही.

"कधीपासून?"

"फेब्रुवारीत ताप आला होता ना, तेव्हापासून. डॉक्टर म्हणतो, येईल परत. कधी ते सांगत नाही."

"आणि चव?"

"गोड कळतं, खारट कळतं. बाकी सगळा पुठ्ठा."

मी अंडी घेऊन घरी आले, दाराला कडी लावली आणि पोट दुखेपर्यंत हसले.

जुलैत आमच्या चॅपेलची, म्हणजे गावच्या प्रार्थनाघराची, चहाची जत्रा भरते. पुढे बँड, मागे निशाणं, त्यामागे पोरंटोरं, अशी मिरवणूक वरच्या माळावर येते आणि तिथे प्रत्येकाला कपभर चहा आणि चेहऱ्याएवढा केशरी बन मिळतो. ते बन कुणाच्या घरून येतात, याला आमच्याकडे फार वजन आहे. पाद्री चार-पाच वर्षांनी बदलतो. बन करणारी बाई मरेपर्यंत तीच राहते.

जर्मनांशी झालेल्या लढाईच्या आधी ती बाई म्हणजे माझी आई होती, केझाया अँगोव्ह. लढाईत केशर दिसेनासं झालं. बायका केकमध्ये पिवळी पावडर घालू लागल्या. रंग मोहरीच्या फुलासारखा आणि वास काहीच नाही. आईनं मात्र जुन्या केशराची एक शेवटची पुडी बाटलीत घालून, वर मेण लावून ठेवली होती. माझ्या भावाच्या लग्नातसुद्धा तिनं ती उघडली नाही. लढाई संपली, पहिली जत्रा ठरली, तेव्हा तिनं ते मेण फोडलं. त्या रात्री घरभर जो वास सुटला, तो घेत मी जिन्यावर बसून राहिले होते.

दुसऱ्या दिवशी माळावर लव्हडेनं पहिला घास घेतला. तेव्हा ती नवी नवरी होती, नॅनकॅरोंच्या घरात येऊन तिला वर्षही झालं नव्हतं. तिनं घास रुमालात थुंकला आणि चारचौघांत, चांगल्या खणखणीत आवाजात म्हणाली, "केझायाकाकू, ही तर पावडर हो!"

आता आमच्या गावाची रीत अशी की हातात बन धरून कुणी त्याला नावं ठेवत नाही. धोंडा असला तरी 'छान झालाय हो' म्हणायचं आणि चहात बुडवून गिळायचा. त्यामुळे जी बाई तोंडावर नाव ठेवते ती खरंच बोलत असणार, असं सगळ्यांनी धरलं. ज्यांनी अर्धाअधिक बन मिटक्या मारत संपवला होता, त्यांनाही एकाएकी पावडर लागू लागली. आई म्हणाली, "केशर आहे." एकदाच म्हणाली. दोनदा सांगायची तिला सवय नव्हती. मी मात्र ओरडले, रडले, रिकामी बाटली घेऊन घरोघर फिरले. लोक म्हणाले, बाटली तर रिकामी आहे गं पोरी.

त्यानंतर आई चॅपेलची पायरी चढली नाही. दोन हिवाळे कसेबसे काढले आणि गेली. शेवटच्या आजारात तिनं एकदाच विचारलं, "यंदा बन कोण करतंय?" मी म्हणाले, "माहीत नाही." मला पक्कं माहीत होतं. लव्हडे करत होती.

आम्ही चॅपेलची माणसं शपथा घेत नाही. पण मनाशी मी ठरवलं होतं, की ही बाई त्याच माळावर, त्याच बँडसमोर, सगळ्या गावादेखत मान खाली घालेल तेव्हाच माझा जीव थंड होईल. त्यासाठी मी आजवर थांबले होते. आणि आता देवानं म्हणा, तापानं म्हणा, तिचं नाकच काढून घेतलं होतं.

मला काही करायचंच नव्हतं. नुसतं गप्प बसायचं होतं. कारण केशर मोजून घालता येत नाही. आमच्याकडे केशर केमिस्ट विकतो; त्याची एक पुडी तेज निघते, दुसरी मवाळ. रात्री गरम पाण्यात भिजवायचं, वर बशी झाकायची, सकाळी बशी उचलून वास घ्यायचा आणि नाक सांगेल तेवढं पाणी पिठात ओतायचं. कमी पडलं तर साधा मनुकांचा पाव. जास्त झालं तर औषध, कडू आणि घशाला चिकटणारं. डोळे मिटून सुईत दोरा ओवावा तसं लव्हडेला यंदा बन करावे लागणार होते. मला रात्री इतकी छान झोप लागू लागली की कोंबड्यांना दाणा टाकायला उशीर होई.

जत्रेच्या आदल्या दिवशी, सकाळी, ती माझ्या मागच्या दाराशी आली. आमच्याकडे पुढच्या दारानं पाद्री येतो आणि शवपेटी जाते, बाकी सगळे मागून. तिच्या हातात एक कप होता, वर बशी.

"हुंगून सांग," ती म्हणाली.

"का सांगू?"

"उद्या जत्रा आहे."

"माहीत आहे की. मी तर दिवस मोजतेय."

तिनं गिळलं ते, आणि कप पुढे तसाच धरून ठेवला.

"तुझी सख्खी बहीण दोन घरं पलीकडे राहते," मी म्हणाले. "तिला नाक आहे की. चांगलं लांब आहे."

"मेरी रडेल. मग गावभर सांगेल की मी रडले, आणि का ते. मग चॅपेलची कारभारी माणसं येऊन म्हणतील, लव्हडे, खूप केलंस, आता विसावा घे." ती जरा थांबली. "आणि ती तर छानच म्हणणार गं. मी शेणाचा गोळा दिला तरी मेरी छान म्हणेल. तू मला पंचवीस वर्षांत 'बरी आहेस का' असं एकदाही विचारलं नाहीस. तू सांगशील ते खरं असेल."

वैऱ्याच्या तोंडून माझं असं कौतुक मी पहिल्यांदाच ऐकत होते. ते ऐकून घेतलं आणि माझी किंमत सांगितली.

"उद्या माळावर, बन वाटायच्या आधी, बाकावर उभी राहशील. सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगशील. केझाया अँगोव्हच्या बनात केशर होतं आणि तू खोटं बोललीस."

तिनं कप मागे घेतला.

"ते सगळं कधीच मेलं, थर्झा."

"आई मेली. बाकी काही मेलेलं नाही."

"आणि मी नाही म्हटलं तर?"

"तर बस हुंगत."

ती वळली. कोंबड्यांमधून वाट काढत फाटकापर्यंत गेली आणि तिथं उभी राहिली. मी दारातून तिची पाठ बघत होते. जाईल, असं वाटलं. मला तेही चाललं असतं, कडू बनही काही कमी सूड नव्हता.

"वाटायच्या आधी?" तिनं न वळता विचारलं.

"आधी. तोंडात घास असला की कुणी ऐकत नाही."

"बरं," ती म्हणाली.

मग मी चप्पल घालून तिच्या स्वयंपाकघरात गेले. टेबलावर मैद्याची मोठी परात, शेगडीजवळ ऊब घेत ठेवलेली. लोणी, साखर, मनुका, पाकात मुरवलेली लिंबाची साल. वाडग्यात दूधसाखरेत खमीर फसफसत होतं. मी कपावरची बशी उचलली.

पुडी तेज होती. फार तेज. नाकातून सरळ डोक्यात गेली. अर्धा कप पुरे झाला असता. लव्हडे माझ्या तोंडाकडे बघत होती, एखादं पोर बाईच्या हातातल्या पट्टीकडे बघतं तसं. 'सगळं ओत,' एवढंच म्हणायचं होतं मला. उद्या आधी कबुली आणि मग प्रत्येक तोंडात औषध. सूड दोन्ही हातांनी. शब्द अगदी जिभेवर आला होता.

"अर्धा," मी म्हणाले. "थेंब जास्त नको."

पोरांसाठी म्हणाले, असं मी स्वतःला सांगितलं. खरं कारण ते पीठ होतं. इतकं चांगलं पीठ डोळ्यांदेखत नासवायला माझ्या आईनं मला शिकवलंच नव्हतं.

तिनं अर्धा ओतला, थेंब जास्त नाही. मग चरबीचं मडकं उघडलं.

"ते फेक," मी नाक दाबून म्हणाले.

"मागच्याच आठवड्यात आणलीय."

"फेक म्हणते ना. तो डुक्कर स्वतः असता तर म्हणाला असता, फेक."

तिला हसू आलं होतं, पण तिनं ते दाखवलं नाही. मी घरून माझी चरबी आणून दिली. ती मळायला लागली. हात तिचे चांगले होते, हे मान्य करायला मला आवडत नाही. तळव्यानं ढकलायची, घडी घालायची, वळवायची, पुन्हा ढकलायची. पीठ आधी चिकट होतं, मग गुळगुळीत झालं, मग पिवळं, लोण्यासारखं मऊ. तिनं वर फडकं टाकलं.

"खिडकी लाव," ती म्हणाली. "गारठेल."

"मला शिकवू नकोस."

पण लावली. मग पीठ फुगेपर्यंत दोघींना बसावं लागलं, एका टेबलाच्या दोन टोकांना, आणि बोलण्यासारखं एकच होतं.

"का बोललीस त्या दिवशी?"

लव्हडे टेबलावरचं पीठ बोटानं गोळा करत राहिली. "लग्नानंतर मी पहिला केक चॅपेलला नेला होता. तुझ्या आईनं एक तुकडा उचलला, उलटासुलटा केला आणि माझ्या सासूसमोर मला विचारलं, 'काय गं सूनबाई, होडीच्या भोकाला लावायला केलायस का?' सगळ्या हसल्या. सासू तर महिनाभर हसत होती. पाहुणे आले की पहिलं तेच सांगायची."

मी ओठ चावला. आईच होती ती, यात शंका नव्हती. तिच्या जिभेनं घरातही कुणाला सोडलं नव्हतं.

"म्हणून?"

"म्हणून. तोंडातून निघून गेलं. वाटलं, मला हसले तसे तिला हसतील आणि विसरतील. पण कुणी हसलंच नाही."

"मग शब्द परत का नाही घेतलास?"

"घेणार होते. पुढच्या आठवड्यात चॅपेलची माणसं आली आणि म्हणाली, आता बन तू कर." तिनं गोळा केलेलं पीठ परातीत टाकलं. "मग नाही घेतला."

एवढं खरं बोलून तिनं माझी मोठी पंचाईत केली. तिनं बहाणे सांगितले असते तर मला सोपं गेलं असतं. मी उठले आणि फुगलेल्या पिठात बोट खुपसून पाहिलं. तयार होतं. तिनं गोळे तोडले, मी वर आलेल्या मनुका आत दाबल्या, नाहीतर त्या जळून कडू होतात. पहिली खेप ओव्हनमध्ये गेली, आणि थोड्या वेळानं तो वास आला.

"येतोय का?" तिनं विचारलं.

"येतोय."

"कसा?"

तिला जरा ताटकळू दिलं. तिला तिच्याच घरातला वास माझ्याकडून मागून घ्यावा लागत होता, आणि ते मला गोड वाटत होतं. मग म्हणाले, "बरा आहे." अंधार पडेपर्यंत आम्ही भाजत होतो.

दुसऱ्या दिवशी ऊन चांगलं पडलं होतं. मी माझा निळा झगा घातला आणि आईचा ब्रोच लावला. बँड वाजवत सगळे माळावर आले. बनांच्या पराती पांढऱ्या फडक्यांखाली टेबलावर ओळीनं मांडलेल्या होत्या. नवा पाद्री, मिस्टर व्हिटलॉक, तामार नदीपलीकडून, म्हणजे आमच्या मुलखाबाहेरून, आलेला तरुण माणूस, घाम पुसत प्रार्थना म्हणाला. 'आमेन' झालं. पोरं परातींकडे सरकली. आणि लव्हडे बाकावर चढली.

मला वाटलं होतं, ती पुटपुटेल. पण नाही. हात पुढे बांधून, खणखणीत आवाजात बोलली. अगदी तोच आवाज.

"वाटायच्या आधी मला एक सांगायचंय. लढाईनंतरच्या पहिल्या जत्रेला, याच माळावर, मी केझाया अँगोव्हच्या बनात पावडर आहे असं म्हणाले. ते खोटं होतं. मी शेजारणीविरुद्ध खोटी साक्ष दिली आणि आजवर ती मागे घेतली नाही."

मी आईचा ब्रोच सरळ केला. आता माना माझ्याकडे वळतील. आता म्हाताऱ्यांच्या टोप्या उतरतील, आईसाठी.

"आमेन!" मागून जेबेझ राऊज ओरडला.

"देवाची स्तुती असो!" आणखी कुणीतरी.

आणि मग माझ्या लक्षात आलं, मी काय करून बसले. जन्म चॅपेलात गेला माझा, आणि हे कसं विसरले? आमच्याकडे उठून आपलं पाप सांगणाऱ्या माणसाएवढा मान दुसऱ्या कुणाला नाही. दारुडा उठून रडला की त्याला पहिल्या बाकावर बसवतात. जन्मभर नाकासमोर चालणाऱ्याला कुणी विचारत नाही. मी लव्हडेला माळावर मान खाली घालायला लावणार होते, आणि मी तिला चक्क साक्ष द्यायला उभी केली होती.

बँडमास्तरानं वाट न बघता स्तोत्र सुरू केलं. मिस्टर व्हिटलॉकनी तिला हात धरून बाकावरून उतरवलं, त्यांचे डोळे भरून आले होते. "भगिनी लव्हडे, केवढं हे धैर्य!" मेरी रडत होती. बायका लव्हडेला मिठ्या मारत होत्या. अंथरुणाला खिळलेला तिचा नवरा जाईपर्यंत त्याचं करताना तिनं कधी कुणाची मदत घेतली नाही, हेही कुणाला तरी आठवलं. माझ्या आईचं नाव त्या गर्दीत एकदाही ऐकू आलं नाही. निम्मे लोक तर आईच्या मरणानंतर जन्मलेले किंवा गावात आलेले. "कोण ही केझाया?" माझ्या शेजारी एका तरण्या बाईनं नवऱ्याला विचारलं. तो म्हणाला, "ती पावडरवाली असेल."

पावडरवाली!

बन वाटले जाऊ लागले. म्हाताऱ्या मिसेस जेलबर्ट माझ्या बाजूला खुर्चीवर होत्या. ओठांना चुरा लागलेला, बन अर्धा संपलेला. त्यांनी माझा हात थोपटला.

"मनाला लावून घेऊ नको हो पोरी. लढाईनंतर सगळ्यांनीच पावडर घातली. तुझ्या आईनं घातली तर काय एवढं?"

"काकू, तिनं घातली नव्हती. लव्हडे आत्ता तेच सांगत होती."

"हो हो. मोठ्या मनाची बाई. तुझ्या आईला तिनं माफ केलं बघ."

मला काय झालं ते सांगता येत नाही. पंचवीस वर्षं मी हे आत सांभाळलं होतं, आणि तासाभरापूर्वी गावाला जे आठवतही नव्हतं ते मीच त्यांना आठवून दिलं होतं, तेही उलटं. आणि ती तिकडे उभी होती, नव्या नवरीसारखी गर्दीत.

गर्दीतून ती माझ्याकडेच आली. गाल लाल, डोळे चमकत होते. हातात एक बन, खास माझ्यासाठी आणलेला. ती मला चिकटून उभी राहिली आणि हळूच म्हणाली, "सगळे छान म्हणतायत. ते म्हणणारच. तू सांग. कसा झालाय?"

मी बन फोडला. आत सोन्यासारखा, मऊ, अजून ओलावा धरून असलेला. तोंडात घातला. आधी लोणी, मग मनुका, आणि मग सगळ्यांच्या मागून सावकाश येणारं ते केशर. आई गेल्यापासून असा बन मी खाल्ला नव्हता. ती माझ्या ओठांकडे बघत होती.

"कडू," मी म्हणाले.

"काय?"

"कडू झालाय. केमिस्टच्या दुकानासारखा लागतोय. पुडी जास्त तेज होती, माझाच अंदाज चुकला."

आधी तिच्या गालांवरचा रंग गेला, मग डोळ्यांतलं सगळं. काय बरं वाटलं म्हणून सांगू! तिला कधीही कळणार नव्हतं. जगातला कुणीही माणूस आता तिला छान म्हणाला तरी ती मानणार नव्हती. रात्री अंथरुणात पडून ती हा शब्द चघळणार होती, माझी आई 'पावडर' चघळत पडायची तशी. फिटलं, असं मला वाटलं.

तेवढ्यात मिस्टर व्हिटलॉक बन हलवत आले. "भगिनी लव्हडे, असा बन मी जन्मात—"

"थांबा," लव्हडे म्हणाली. आणि पुन्हा तोच आवाज लावला, माळभर जाणारा. "थांबा सगळे. खाऊ नका. बन कडू झालेत. फेब्रुवारीपासून मला वास येत नाही, चव कळत नाही. मी लपवलं. तुम्ही सगळी माझ्या तोंडावर छान म्हणालात. थर्झानं तेवढं खरं सांगितलं."

बँड थांबला. मी म्हणाले, "लव्हडे, पुरे." तिनं ऐकलं नाही.

"ही मला पाण्यात पाहते, ते तुम्हाला माहीत आहे. तरी काल विचारलं तेव्हा खरं बोलली, आज विचारलं तेव्हाही खरं बोलली. अँगोव्हांच्या घरात खोटं बोलत नाहीत. हिची आईही बोलत नव्हती. ती केशर म्हणाली होती, तर ते केशरच होतं. आता तरी कानात शिरलं का तुमच्या?"

माना वळल्या. सगळ्या, माझ्याकडे. जेबेझ राऊजनं टोपी काढली. मिसेस जेलबर्ट तोंड उघडं टाकून माझ्याकडे बघत होत्या. "म्हणजे केझायाच्या बनात पावडर नव्हतीच?"

"नव्हती," लव्हडे म्हणाली.

"अगं बाई. आणि आपण तिला..." त्यांनी तोंडावर हात ठेवला. दुसरी एक म्हातारी डोळे पुसू लागली. आईचं नाव या तोंडातून त्या तोंडात जाताना मला ऐकू येत होतं, केझाया, बिचारी केझाया, खरी बाई. आयुष्यभर ज्यासाठी थांबले होते ते समोर घडत होतं, आणि माझ्या तोंडात अजून तो घास होता.

मिस्टर व्हिटलॉक गोंधळून हातातल्या बनाकडे बघत होते. "मला तर, खरं सांगायचं तर, उत्तम लागला," ते म्हणाले. "कडू आहे का हा, थर्झाबाई?"

सगळा माळ माझ्या उत्तरासाठी थांबला. मी लव्हडेकडे पाहिलं. ती माझ्याकडे बघत होती, अगदी विश्वासानं. 'नाही' म्हणाले असते तर अँगोव्ह खोटं बोलतात, आणि मग आईही.

"कडूच आहे," मी म्हणाले.

मिसेस जेलबर्टनी आपला उरलेला बन तोंडात घातला, डोळे मिटले आणि सावकाश चावला.

"हो गं बाई," त्या म्हणाल्या. "आता तू म्हणतेस तर लागतंय खरं. जिभेच्या मागे."

"मलाही लागतंय," मेरी म्हणाली.

एकेकानं बन खाली ठेवला. लव्हडे रिकामी परात घेऊन लोकांच्या हातातले बन परत घेत फिरू लागली, पोरं रडायला लागली तरी थांबली नाही. माझ्यापाशी आली, परात पुढे केली आणि म्हणाली, "बरं झालं बाई, तू होतीस." मी माझा बन तिच्या परातीत ठेवला.